दोन तपास आणि त्यांचे कागद

27 ऑगस्ट 1968. मुंबईत एका माणसाला अडवून, त्याच भागातल्या दोन प्रतिष्ठित पंचांसमक्ष त्याची झडती घेण्यात आली. त्याच्याजवळ मिळाले ते असे : एक चष्मा, दोन कंगवे, एक कात्री, उदबत्तीचे घर, साबण, लसूण, चहाची पूड आणि आकडे लिहिलेले दोन कागद. अंगात बुशशर्ट आणि खाकी अर्धी चड्डी होती. दोन्हींवर रक्ताचे डाग होते आणि बूट चिखलाने भरलेले होते. नाव विचारल्यावर त्याने सिंधी दलवाई असे सांगितले. पोलिसांच्या दप्तरात मात्र याच माणसाची तळवाई, अण्णा, थंबी, वेलुस्वामी अशी आणखीही नावे होती. बोटांचे ठसे जुळवून पाहिल्यावर तो रमण राघव असल्याची खात्री झाली.

त्याला ओळखून अडवणारे अधिकारी होते उपनिरीक्षक ॲलेक्स फियालो. या शोधमोहिमेची सूत्रे ज्यांच्या हाती होती ते होते मुंबई गुन्हे शाखेचे उपायुक्त रमाकांत कुलकर्णी. पुढे ते महाराष्ट्राचे पोलीस महासंचालक झाले. निवृत्तीनंतर त्यांनी आपल्या तपासांच्या आठवणी इंग्रजीत लिहिल्या. ‘फूटप्रिंट्स ऑन द सँड ऑफ क्राइम’ हे त्यांचे पुस्तक आज अनेकांना ठाऊक आहे ते ‘मानवत मर्डर्स’ या 2024 मधल्या मालिकेमुळे. तिच्यात कुलकर्णींची भूमिका आशुतोष गोवारीकर यांनी केली. भारताचा शेरलॉक होम्स, असे त्यांचे वर्णन वर्षानुवर्षे होत आले आहे.

या वर्णनाने त्यांचा मान राखला, पण त्यांचे काम झाकून टाकले. होम्स हा कल्पनेतला, एकट्याने बुद्धी चालवणारा गुप्तहेर. त्याला ना कोर्टात उभे राहावे लागते, ना उलटतपासणीला सामोरे जावे लागते. कुलकर्णींचे आयुष्य पोलीस ठाणी, पंचनामे, ठसे, जबाब, आरोपपत्रे आणि निकालपत्रे यांत गेले. त्यांच्या कारकिर्दीतले दोन तपास, मुंबईचा 1968 चा आणि मानवतचा 1972 ते 1974 चा, या कागदांच्या आधारे पुन्हा उभे केले, तर एका मोठ्या अधिकाऱ्याचे काम नेमके काय होते आणि त्याची मर्यादा कुठे होती, हे दोन्ही स्पष्ट होते.

कोणता कागद, किती वजनाचा

साधन तपासल्याशिवाय त्याच्यावर भिस्त ठेवायची नाही, हा इतिहासलेखनाचा पहिला नियम. इथे साधने चार प्रकारची आहेत. पहिला प्रकार पोलिसांच्या हातचा : झडतीचा पंचनामा, जप्त मुद्देमालाची यादी, ठशांची पत्रिका. हे कागद घटनेच्या वेळीच तयार होतात आणि त्यांवर पंचांच्या सह्या असतात, म्हणून त्यांचे मोल मोठे. दुसरा प्रकार दंडाधिकाऱ्यांपुढच्या जबाबाचा. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या 164 व्या कलमाखाली आरोपी स्वतःच्या तोंडाने जे सांगे ते इथे नोंदवले जाई. तिसरा प्रकार न्यायालयांच्या निकालपत्रांचा. साक्षीदार काय बोलले, डॉक्टरांचे म्हणणे काय होते, कोणता पुरावा टिकला आणि कोणता पडला, हे सारे त्यांत येते. चौथा प्रकार खुद्द अधिकाऱ्याच्या आठवणींचा.

चौथ्या प्रकारात माणूस दिसतो, त्याची तगमग दिसते, गावातली हवा कळते. पण आठवणी लिहिल्या जातात त्या सगळे संपल्यानंतर, शेवट ठाऊक असताना. निकालपत्र कोरडे असते; मात्र त्यातले प्रत्येक विधान दोन बाजूंच्या वकिलांनी तावून सुलाखून घेतलेले असते. म्हणून आठवणी आणि निकाल यांत जिथे फरक पडेल, तिथे या लेखात निकालाला प्रमाण मानले आहे.

ठाण्याठाण्यांतून विखुरलेली मालिका

1965 आणि 1966 या वर्षांत मुंबईच्या पूर्व उपनगरांत, मध्य रेल्वेच्या मार्गालगत, रात्री झोपलेल्या माणसांवर हल्ले झाले. पोलिसांच्या नोंदीप्रमाणे 19 जणांवर हल्ला झाला आणि त्यांपैकी 9 जण दगावले. ही माणसे झोपड्यांत किंवा उघड्यावर झोपणारी, हातावर पोट असलेली होती. त्याच काळात त्या भागात संशयास्पद रीतीने वावरणारा एक माणूस पोलिसांनी पकडला. दरोड्याच्या गुन्ह्यात पाच वर्षे तुरुंग भोगलेला हा माणूस रमण राघवच होता. हल्ल्यांशी त्याचा संबंध जोडणारा पुरावा हाती नसल्यामुळे त्याला सोडून द्यावे लागले.

1968 मध्ये उत्तरेकडच्या उपनगरांत तसेच खून सुरू झाले. पद्धत तीच होती. वेळ रात्रीची, बळी झोपेत असलेला आणि घाव कठीण, बोथट हत्याराचा. तपास कुलकर्णींकडे आला तेव्हा शहरात भीती पसरलेली होती.

अशा गुन्ह्यांत तपासाची नेहमीची वाट बंद होते. साधारणपणे खून झाला की पोलीस मयताच्या ओळखीपाळखीतून सुरुवात करतात. कोणाशी भांडण होते, कोणाशी पैशाचा व्यवहार होता, जमिनीचा तंटा होता का, घरात कलह होता का, हे आधी विचारले जाते. इथे मारणारा आणि मरणारा यांच्यात ओळखच नव्हती. शिवाय प्रत्येक घटना ज्या ठाण्याच्या हद्दीत घडली त्या ठाण्याच्या दप्तरात बसली. एका ठाण्याच्या अंमलदारापुढे असतो एक अकस्मात मृत्यू किंवा एक खून. झोपडीतल्या, नातलग गावाकडे असलेल्या मजुराचा खून. त्याचा पाठपुरावा करायला वकील घेऊन कोणी येत नाही.

मालिका दिसू लागते ती वेगवेगळ्या ठाण्यांचे कागद एका टेबलावर आले म्हणजे. घाव कुठे आहे, हत्यार कसले असावे, वेळ कोणती, घरातून नेले काय, जागा रेल्वेपासून किती लांब, हे मुद्दे एकमेकांशेजारी मांडावे लागतात. मग जुनी प्रकरणे उघडून 1965-66 ची पद्धत आणि 1968 ची पद्धत ताडून पाहावी लागते. गुन्हे शाखेसारखी शहरभर अधिकार असलेली यंत्रणा असते ती यासाठीच, आणि तिच्या प्रमुखाची खरी परीक्षा इथेच होते.

रमण राघव ओळखता आला तो जुन्या दप्तरामुळे, हे या प्रकरणातले सर्वांत महत्त्वाचे तथ्य आहे. 1920 च्या बंदी ओळख कायद्याने गुन्हेगारांचे मापे-ठसे घेऊन ठेवण्याची तरतूद केलेली होती. त्याची ओळख दप्तरात होती म्हणूनच फियालोंना तो रस्त्यात ओळखता आला. सांगितलेले नाव खोटे असले तरी ठसे खोटे बोलले नाहीत. दोन वर्षांपूर्वी पुराव्याअभावी सोडावे लागलेल्या माणसाची नोंद कोणीतरी नीट ठेवली होती. त्या नोंदीने 27 ऑगस्टला काम केले. डीएनए चाचणी भारतात यायला तेव्हा दोन दशके बाकी होती. कॅमेरे नव्हते. होते ते ठसे, छायाचित्र, पायी गस्त आणि ठाण्यांची दप्तरे.

कबुली आणि तिचे वजन

अटकेनंतर बराच काळ रमण राघव काहीच बोलत नव्हता. तुला काय हवे, असे विचारल्यावर त्याने कोंबडीचे जेवण मागितले. ते मिळाले तेव्हा तो बोलू लागला, ही हकिगत सर्वश्रुत आहे. ती इतकी वेळा सांगितली गेली आहे की तपास त्या जेवणाने सुटला, असाच लोकांचा समज झाला आहे. कायदा तसे मानत नाही. पोलिसांपुढे दिलेली कबुली भारतीय पुरावा कायद्याच्या 25 व्या कलमाने पुरावा म्हणून वापरता येत नव्हती. त्या कबुलीतून एखादी वस्तू प्रत्यक्ष हाती लागली, तर 27 व्या कलमाखाली तेवढा भाग ग्राह्य धरला जाई.

म्हणून यानंतर जे घडले ते अधिक महत्त्वाचे. त्याने पोलिसांना आणि पंचांना शहरभर फिरवून हत्यारे व इतर वस्तू लपवल्याच्या जागा दाखवल्या. त्यांत एक लोखंडी पहार होती. नंतर दंडाधिकाऱ्यांसमोर 164 व्या कलमाखाली त्याचा कबुलीजबाब नोंदवला गेला. झडती, ठसे, रक्ताचे कपडे, काढून दिलेले हत्यार आणि दंडाधिकाऱ्यांपुढचा जबाब अशी ही साखळी आहे. तिच्यातली एकही कडी जेवणाच्या ताटावर अवलंबून नाही.

आता आकड्यांकडे पाहू. रमण राघवने 41 खून केले, असे जिथे तिथे छापलेले आढळते. हा आकडा त्याच्या स्वतःच्या सांगण्यातून आलेला आहे. 1965-66 च्या पोलीस नोंदीतला आकडा 19 हल्ले आणि 9 मृत्यू हा आहे. आणि सत्र न्यायालयात त्याच्यावर खटला चालला तो दोन खुनांचा. मालाडमधल्या चिंचवली गावात 25 आणि 26 ऑगस्ट 1968 च्या दरम्यान दोन मजुरांना मारल्याचा तो आरोप होता. 41 हे आरोपीचे कथन, 9 ही पोलिसांची नोंद आणि 2 हा न्यायालयाने सिद्ध धरलेला गुन्हा. या तीन पायऱ्या एकमेकींत मिसळल्या की इतिहासाची कादंबरी होते. ज्याच्या मनाचा तोल गेलेला होता, असे पुढे तीन डॉक्टरांनी सांगितले, त्याच्या तोंडचा आकडा ठाम सत्य म्हणून पिढ्यान् पिढ्या सांगत राहणे योग्य नाही.

आणखी एक गोष्ट या कागदांवरून मनाला लागते. मुंबईला खुन्याची सगळी टोपणनावे पाठ आहेत. त्याच्यावर श्रीराम राघवन यांनी 1991 मध्ये चित्रपट केला, 2016 मध्ये अनुराग कश्यप यांनी त्याचे नाव वापरून दुसरा केला. ज्यांच्या झोपड्यांत तो शिरला त्यांच्यापैकी एकाचेही नाव शहराच्या आठवणीत नाही.

डॉक्टरांची साक्ष

खटला 2 जून 1969 रोजी मुंबईच्या अतिरिक्त सत्र न्यायाधीशांपुढे सुरू झाला. बचावाच्या वकिलांनी सुरुवातीलाच दोन मुद्दे मांडले. आरोपी वेडा असल्यामुळे आपला बचाव करण्यास असमर्थ आहे, आणि खुनांच्या वेळीही आपण करतो ते कायद्याविरुद्ध आहे, हे त्याला कळत नव्हते. दुसरा मुद्दा भारतीय दंड संहितेच्या 84 व्या कलमाचा.

न्यायालयाने त्याला पोलीस सर्जनकडे पाठवले. 28 जून ते 23 जुलै 1969 या काळात त्याला निरीक्षणाखाली ठेवण्यात आले. अहवाल असा आला की त्याला मनोविकृती नाही, तो मंदबुद्धीही नाही. स्मरणशक्ती शाबूत आहे, बुद्धी सर्वसाधारण आहे, आणि आपल्यावरच्या कारवाईचा अर्थ त्याला समजतो. या अहवालावर खटला पुढे चालला. आरोपीने गुन्हा कबूल केला.

बचावाने नायर रुग्णालयातील मनोविकारतज्ज्ञांना साक्षीस आणले. त्यांनी 5 ऑगस्ट 1969 रोजी आर्थर रोड तुरुंगात आरोपीची भेट घेतली होती. त्यांच्या मते तो दीर्घकाळापासून जुनाट पॅरानॉइड स्किझोफ्रेनियाचा रुग्ण होता, आणि म्हणूनच आपली कृत्ये कायद्याविरुद्ध आहेत हे त्याला कळत नव्हते. न्यायाधीशांना हे पटले नाही. 13 ऑगस्ट 1969 रोजी फाशीची शिक्षा झाली. आरोपीने अपील केले नाही.

परंतु फाशीची शिक्षा उच्च न्यायालयाने कायम केल्याशिवाय अमलात येत नाही. त्या टप्प्यावर मुंबई उच्च न्यायालयाने तीन मनोविकारतज्ज्ञांचे विशेष मंडळ नेमायला सांगितले. मंडळाने पाच वेळा, प्रत्येक वेळी सुमारे दोन तास त्याच्याशी बोलून अहवाल दिला. या प्रकरणातला सर्वांत बोलका कागद हाच. जगे दोन आहेत, एक ‘कानून’चे आणि दुसरे हे आपले, अशी त्याची ठाम समजूत होती. लोक आपले लिंग बदलण्याचा प्रयत्न करतात, पण आपण कानूनचे प्रतिनिधी असल्यामुळे त्यांना ते साधत नाही, असे तो सांगे. देशात अकबराचे, इंग्रजांचे आणि काँग्रेसचे अशी तीन सरकारे एकाच वेळी चालू आहेत, असाही त्याचा विश्वास होता. शेवटच्या भेटीनंतर डॉक्टरांनी निरोप घेताना हात पुढे केला. त्याने हात मिळवायला नकार दिला. आपण कानूनचे प्रतिनिधी आहोत आणि या दुष्ट जगातल्या माणसांना आपण स्पर्श करत नाही, हे त्याने दिलेले कारण होते.

मंडळाने निदान केले ते नायरच्या डॉक्टरांनी केले होते तेच. या प्रकरणातला कायद्याचा प्रश्न 1975 मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढेही गेला. अखेर 4 ऑगस्ट 1987 रोजी, शिक्षा सुनावल्यानंतर 18 वर्षांनी, उच्च न्यायालयाने त्याचा आजार बरा होण्यासारखा नाही हे लक्षात घेऊन फाशीऐवजी जन्मठेप दिली. तो येरवड्याच्या तुरुंगात होता. 1995 मध्ये पुण्याच्या ससून रुग्णालयात मूत्रपिंडाच्या आजाराने तो मरण पावला.

पोलिसांचा तपास अचूक होता. माणूस खरा होता, हत्यार खरे होते, गुन्हा खरा होता. त्या माणसाच्या मनात काय चालले होते हे ठरवणे तपासी अंमलदाराच्या कक्षेबाहेरचे. तो प्रश्न डॉक्टर आणि न्यायालये यांच्याकडे गेला आणि तिथे जवळजवळ दोन दशके राहिला. तपास आणि न्याय या दोन कामांचा वेग इतका वेगळा असू शकतो, हे या प्रकरणाच्या तारखा सांगतात.

मानवत

दुसरा तपास मराठवाड्यातला. परभणी जिल्ह्यातले मानवत हे कापसाच्या बाजारपेठेचे गाव. 1972 च्या दुष्काळाने मराठवाडा होरपळत असताना, 14 नोव्हेंबर 1972 ते 4 जानेवारी 1974 या चौदा महिन्यांहून थोड्या कमी काळात, तिथे दहा जीव गेले. सर्वोच्च न्यायालयाच्या निकालात त्यांची मोजदाद आहे : दहा वर्षांच्या आसपासच्या पाच मुली, पस्तिशीच्या आसपासच्या चार स्त्रिया आणि एक वर्षाचे एक तान्हे मूल. मरणाऱ्यांत एकही प्रौढ पुरुष नाही. या एका यादीवरून गावातल्या आयांनी ते दिवस कसे काढले असतील याची कल्पना येते.

स्थानिक तपास अडला तेव्हा मुंबईहून कुलकर्णींना पाठवण्यात आले. मुंबईत त्यांच्यापुढे ओळखपाळख नसलेला एकटा मारेकरी आणि पन्नास ठाण्यांत विखुरता येईल एवढे मोठे शहर होते. मानवतला सगळे उलटे होते. गाव लहान, सगळे एकमेकांना ओळखणारे, आणि खून करणारा एक नव्हे तर अनेक जण, असा निष्कर्ष तपासातून निघाला. फिर्यादी पक्षाचे म्हणणे असे की पिंपळाखालचे गुप्तधन मिळावे आणि मूल व्हावे यासाठी कुमारिकांचे रक्त वाहण्याचा कट रचला गेला. त्या कटाची सूत्रे गावातल्या वजनदार घरात होती, आणि प्रत्यक्ष खून दुसऱ्यांकडून करवले गेले.

अठरा आरोपी उभे करण्यात आले. त्यांपैकी दोघे माफीचे साक्षीदार झाले. खुनांचा हेतू, कट आणि प्रत्येकाचा वाटा यांबद्दलचा फिर्यादी पक्षाचा बराचसा भार या दोघांच्या सांगण्यावर होता.

इथे पुरावा कायद्यातली दोन कलमे एकमेकांना भिडतात. 133 वे कलम म्हणत होते की गुन्ह्यातला साथीदार साक्ष देऊ शकतो, आणि केवळ त्याच्या साक्षीवर दिलेली शिक्षा बेकायदा ठरत नाही. 114 व्या कलमाचे ‘ब’ उदाहरण म्हणत होते की महत्त्वाच्या तपशिलांत दुजोरा मिळाल्याखेरीज साथीदार विश्वासास पात्र नाही, असे न्यायालय गृहीत धरू शकते. एप्रिल 1977 मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे न्या. यशवंत विष्णू चंद्रचूड यांनी लिहिलेल्या निकालाने या दोन कलमांचा मेळ कसा घालायचा, हे स्पष्ट केले. ‘दगडू विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या नावाने तो निकाल आजही देशभरच्या न्यायालयांत वाचला जातो. दुजोरा हवा तो गुन्हा घडल्याचा आणि त्याबरोबरच त्या विशिष्ट आरोपीचा त्याच्याशी संबंध असल्याचा. प्रत्येक आरोपीपुरता वेगळा.

या कसोटीवर काही आरोपींवरचा खुनाचा गुन्हा टिकला. कटाचे सूत्रधार म्हणून ज्यांच्याकडे बोट दाखवले गेले होते त्यांच्याविरुद्ध मात्र गुन्हा सिद्ध झाला नाही आणि ते सुटले. त्यांची नावे मी इथे लिहिलेली नाहीत. देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने ज्यांना दोषी धरले नाही त्यांना लेखकाने धरू नये.

या निकालाने आणखी दोन गोष्टी सांगितल्या, आणि त्या पोलीस खात्यासाठी कटू आहेत. दंडाधिकाऱ्यांनी कबुलीजबाब कसे नोंदवले, आरोपीने ते खरोखर स्वखुशीने दिले याची खातरजमा कशी केली, याची न्यायालयाने कसून तपासणी केली. आणि गुन्हा शोधण्याच्या भरात, हाती सापडलेल्या माणसावर बळ वापरण्याचा मोह पोलिसांना होतो, तो वेळीच खुडून टाकला पाहिजे, असा इशारा दिला. ज्या प्रकरणाने कुलकर्णींचे नाव गावोगावी पोचवले, त्याच प्रकरणाच्या निकालात ही ताकीद आहे. आठवणी वाचणाऱ्याने ती पानेही वाचली पाहिजेत.

दोन्ही कागद शेजारी ठेवल्यावर

मुंबईच्या तपासात बोलणारे साक्षीदार जवळजवळ नव्हते. बोलल्या त्या वस्तू : ठसे, पहार, रक्ताचे कपडे. त्यांनी बांधलेली साखळी वरच्या न्यायालयांतही तुटली नाही. वाद राहिला तो फक्त शिक्षेचा आणि आरोपीच्या मनाचा. मानवतच्या तपासात माणसे बोलली, आणि कटाचा गाभा त्यांच्या शब्दांवर उभा राहिला. जिथे शब्दाला वस्तूचा किंवा तटस्थ साक्षीदाराचा आधार मिळाला तिथे तो टिकला. जिथे मिळाला नाही तिथे न्यायालयाने तो बाजूला ठेवला. एकाच अधिकाऱ्याच्या दोन तपासांचे निकाल वेगळे लागले त्याचे कारण बुद्धीच्या चढउतारात शोधू नये. एकाकी मारेकरी आणि कट हे दोन वेगळ्या जातीचे गुन्हे आहेत. कटात हुकूम देणारा कागदावर सही करत नाही, घटनास्थळी जात नाही, त्याचे ठसे पहारीवर नसतात. त्याच्यापर्यंत पोचायचा रस्ता साथीदाराच्या तोंडातूनच जातो, आणि कायद्याने त्या रस्त्यावर जास्तीत जास्त पहारा बसवलेला आहे. तो तसाच असावा. दहा खुनांचा संताप कितीही मोठा असला, तरी अकरावा अन्याय त्याने भरून निघत नाही.

मग कुलकर्णींचे श्रेय कोणते? त्यांनी दोन्ही ठिकाणी खुनांची मालिका थांबवली. 27 ऑगस्ट 1968 नंतर मुंबईची उपनगरे निर्धास्त झोपू लागली. मानवतमध्ये अंधश्रद्धेच्या नावाने मुलींचा बळी घेणारे हात ओळखले गेले आणि त्यांतल्या काहींना शिक्षा झाली. ज्या काळात अशा गुन्ह्यांना भुताटकी किंवा करणी म्हणून सोडून देणे सोपे होते, त्या काळात त्यांनी त्याकडे गुन्हा म्हणून पाहिले आणि माणसांना आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले. पुढे चार दशकांनी, 2013 मध्ये, डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या हत्येनंतर महाराष्ट्राने नरबळी व जादूटोणा प्रतिबंधाचा कायदा केला. त्या कायद्याची गरज कोणी विचारली, तर मानवतचे निकालपत्र पुढे करावे.

आणि निवृत्तीनंतर ते लिहिते झाले, हे दुसरे श्रेय. आपल्याकडे अधिकारी निवृत्त होतात, त्यांचे अनुभव त्यांच्याबरोबर जातात. कुलकर्णींनी आपला तपास वाचकांपुढे ठेवला, म्हणून तो निकालाशी ताडून पाहता येतो. ज्याने काहीच लिहिले नाही त्याची परीक्षाही होत नाही आणि कदरही होत नाही.

शेवटी एक विनंती. न्यायालयांची आणि पोलीस ठाण्यांची दप्तरे ठरावीक मुदतीनंतर नष्ट केली जातात. छापील निकालपत्रे राहतात. पंचनामे, ठशांच्या पत्रिका, वैद्यकीय मंडळांचे मूळ अहवाल, मयतांची नावे-गावे रद्दीत जातात. मुंबई आणि मानवत यांसारख्या प्रकरणांची संपूर्ण दप्तरे राज्याच्या पुराभिलेखागारात जावीत, आणि अभ्यासकांना ती पाहता यावीत, असा नियम सरकारने करावा. निवृत्त पोलीस अधिकारी, सरकारी वकील, न्यायवैद्यक डॉक्टर यांनी आपापले अनुभव तारीखवार लिहून ठेवावेत. ज्यांच्या घरी वडिलांची किंवा आजोबांची तपासाची टिपणे, डायऱ्या, कात्रणे पडून असतील, त्यांनी ती फेकू नयेत. जवळच्या विद्यापीठाला किंवा इतिहास मंडळाला दाखवावीत. 1968 मध्ये एका जुन्या नोंदीने शहर वाचवले. आजच्या नोंदी सांभाळणे हे आपले काम आहे.